मूसारामची टेकडी : दोन सत्तांच्या कात्रीत सापडलेले निजामाचे राज्य

हैदराबाद शहराच्या पूर्वेस, मुसी नदीच्या दक्षिण तीरावर मलकपेठ नावाची जुनी वस्ती आहे. गोवळकोंड्याचा सुलतान अब्दुल्ला कुत्बशहा याचा सेवक मलिक याकूब याच्यावरून तिला हे नाव पडले, असे सांगतात. घोड्यांच्या शर्यतींचे मैदान आणि निजामी काळातील महबूब मॅन्शन हा वाडा, या दोन गोष्टींसाठी ही वस्ती सर्वांच्या परिचयाची आहे. तेथून थोडे पुढे गेले की मूसारामबाग लागते. आज मेट्रो रेल्वेच्या स्थानकावरही ते नाव झळकते. रोज हजारो माणसे त्या स्थानकावर चढतात, उतरतात. परंतु हा मूसाराम कोण, याची विचारपूस करणारा विरळाच.

हा मूसाराम म्हणजे कोणी संत नव्हे, की सावकारही नव्हे. मिशेल जोआकिम मारी रेमाँ या फ्रेंच सेनानीचे नाव हैदराबादच्या जनतेच्या तोंडी घोळत घोळत या रूपाला आले. हिंदू त्याला मूसाराम म्हणत, मुसलमान मूसा रहीम म्हणत. मलकपेठेपलीकडील एका टेकडीवर त्याची समाधी आहे. काळ्या दगडाचा, सुमारे सात मीटर उंचीचा निमुळता स्तंभ आणि त्याशेजारी ग्रीक धर्तीचा मंडप, असे तिचे स्वरूप. २००१ साली पावसाने तो मंडप कोसळला. पुढे तो पुन्हा उभारण्यात आला. परक्या देशातून, परक्या धर्मातून आलेल्या या माणसाच्या पुण्यतिथीस दीर्घकाळपर्यंत लोक त्या टेकडीवर जमत, दिवे लावत. इतके प्रेम एखाद्या भाडोत्री सरदाराच्या वाट्यास यावे, ही गोष्ट खचितच साधी नव्हे.

परंतु या टेकडीचे खरे महत्त्व रेमाँच्या लोकप्रियतेत नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंड आणि फ्रान्स या दोन बलाढ्य राष्ट्रांचा जगभर झगडा चालू असता, दक्षिणेतील एका मुसलमानी राज्याने त्या दोघांच्या मधून आपली वाट काढण्याचा जो प्रयत्न केला, त्याचे स्मारक म्हणून या स्तंभाकडे पाहिले पाहिजे. तो प्रयत्न का फसला आणि त्या फसण्यात पुण्याच्या दरबाराचा वाटा किती, हा प्रश्न मराठी माणसाला तर विशेषच विचार करावयास लावणारा आहे.

निजामअली १७६२ साली गादीवर आला आणि १८०३ पर्यंत, म्हणजे चाळीस वर्षांहून अधिक काळ, त्याने राज्य केले. त्याच्या राज्याची परिस्थिती मोठी चमत्कारिक होती. पश्चिमेस पेशवे, दक्षिणेस हैदर आणि टिपू, पूर्व किनाऱ्यावर इंग्रज. समुद्रकिनारा हातचा गेलेला. मुलूख मोठा, पण सैन्य विस्कळीत. मराठ्यांशी त्याच्या घराण्याचे वैर पालखेडपासूनचे. १७६० साली उदगिरास आणि १७६३ साली राक्षसभुवनास त्या वैराचे कडू फळ त्याने स्वतः चाखले होते. तरुणपणी त्याने आणखी एक दृश्य पाहिले होते. त्याचा वडील भाऊ सलाबतजंग गादीवर असता बुसी हा फ्रेंच सेनापती हैदराबादच्या दरबारात सर्वाधिकाऱ्यासारखा वावरत होता. फौजेच्या खर्चासाठी उत्तर सरकारांचे समृद्ध प्रांत बुसीने लिहून घेतले. १७५८ साली त्याला परत बोलावण्यात आले आणि थोड्याच काळात ते प्रांत इंग्रजांच्या कबजात गेले. परक्याची फौज पदरी ठेवली तर ती मुलूख खाते, आणि ती निघून गेली तर तो मुलूख तिसऱ्याच्याच घशात जातो, हा धडा निजामअलीस अशा रीतीने लवकर मिळाला होता.

इंग्रजांचा अनुभवही फार निराळा नव्हता. १७८८ साली त्यांनी गुंटूरचा प्रांत मागून घेतला. त्या बदल्यात जुन्या तहाप्रमाणे मदतीची फौज द्यावी, अशी मागणी निजामअलीने केली. तेव्हा लॉर्ड कॉर्नवॉलिसने १७८९ साली एक पत्र पाठवून ती कबूल केली; परंतु कंपनीच्या दोस्तांविरुद्ध ही फौज वापरता येणार नाही, अशी मेखही त्यातच मारून ठेवली. या दोस्तांत मराठे होते. पुढे १७९० साली इंग्रज, मराठे आणि निजाम यांची टिपूविरुद्ध त्रिवर्ग युती झाली आणि १७९२ च्या श्रीरंगपट्टणच्या तहाने तिघांनी टिपूचा निम्मा मुलूख वाटून घेतला. हैदराबादेत असा समज झाला की, आता इंग्रज आपले पाठीराखे आहेत. या समजाची परीक्षा लवकरच खर्ड्याच्या रणांगणावर व्हावयाची होती.

चौथाई आणि सरदेशमुखीची थकबाकी हे पुणे आणि हैदराबाद यांच्या भांडणाचे जुने कारण. पुण्याचे वकील गोविंदराव काळे हे हैदराबादेत बसून या हिशेबाची घासाघीस करीत होते. निजामाचा दिवाण मुशीर-उल्-मुल्क, ज्याला पुढे अरस्तू जाह हा किताब मिळाला, तो मोठा चतुर पण तितकाच मगरूर गृहस्थ. बाकी देण्याऐवजी त्याने युद्धाचा रस्ता धरला. ११ मार्च १७९५ रोजी खर्ड्याजवळ दोन्ही सैन्ये समोरासमोर आली. सवाई माधवराव पेशव्यांच्या निशाणाखाली शिंदे, होळकर, भोसले आणि पटवर्धन एकत्र झाले होते. सेनापतिपद परशुरामभाऊंकडे होते. सर्व मराठे सरदार एका निशाणाखाली जमल्याचा हा अखेरचा प्रसंग.

या रणांगणावरील एक गोष्ट नीट लक्षात घेण्यासारखी आहे. निजामाच्या बाजूने रेमाँची कवायती पलटणे उभी होती. समोर शिंद्यांच्या फौजेत पेराँची कवायती पलटणे होती. रेमाँ फ्रेंच आणि पेराँही फ्रेंच. म्हणजे खर्ड्यास एका फ्रेंच माणसाने दुसऱ्या फ्रेंच माणसावर तोफा डागल्या, त्या पुणे आणि हैदराबाद या दोन दरबारांच्या पगारावर. यावरून एवढे तरी स्पष्ट होते की, रेमाँ हा त्या वेळी फ्रान्सचा हस्तक नसून निजामाचा चाकर होता.

प्रत्यक्ष लढाई फार मोठी झाली नाही. रात्री निजामअली आपल्या जनानखान्यासह खर्ड्याच्या गढीत शिरला आणि त्याच्या फौजेत गोंधळ उडाला. मराठ्यांनी गढीस वेढा दिला, पाणी तोडले, आणि तह करण्याखेरीज त्याला गत्यंतर राहिले नाही. तीन कोटी रुपये, दौलताबादचा किल्ला, परिंड्यापासून तापीपर्यंतचा मुलूख, आणि या सर्वांवर कडी म्हणजे खुद्द मुशीर-उल्-मुल्क ओलीस, अशा अटी त्याने मान्य केल्या. या साऱ्या प्रकारात इंग्रज अलिप्त राहिले. गव्हर्नर जनरल सर जॉन शोअर याने तटस्थतेचे धोरण स्वीकारले आणि हैदराबादेतील इंग्रजी पलटणे मराठ्यांविरुद्ध लढावयास मोकळी नव्हती. कॉर्नवॉलिसने मारलेली मेख अशी ऐन वेळी रुतली.

जो मित्र संकटात उपयोगी पडत नाही, त्याची फौज पोसावयाची कशाला? निजामअलीने इंग्रजी पलटणांस निरोप दिला आणि रेमाँचे सैन्य वाढविण्याचा हुकूम केला. त्याच वर्षी त्याचा मुलगा अलीजाह याने बंड केले. ते मोडून अलीजाहला पकडण्याची कामगिरी रेमाँने पार पाडली आणि धन्याचा विश्वास त्याने अधिकच संपादन केला. इंग्रजी पलटणे घाईघाईने परत बोलावली गेली खरी. पण मान मिळाला तो रेमाँला.

रेमाँ १७५५ साली फ्रान्सच्या गॅस्कनी प्रांतात जन्मला. १७७५ च्या सुमारास तो व्यापाराच्या निमित्ताने पाँडिचेरीस आला, पुढे शिपाईगिरीत शिरला, बुसीच्या हाताखाली वावरला आणि १७८५ साली बुसी वारल्यावर निजामाच्या चाकरीस लागला. आरंभी त्याच्याजवळ अवघे तीनशे शिपाई होते. बारा वर्षांत त्याने ती संख्या चौदा हजारांच्या घरात नेली. हैदराबादेत फत्तेमैदानाजवळ तोफा ओतण्याचा कारखाना त्याने उभारला; ‘तोप का सांचा’ या नावाने ती जागा आजही ओळखली जाते. शिपायांचा पगार वेळेवर होई, आणि त्या काळच्या देशी फौजांत ही गोष्ट दुर्मिळ होती. त्याच्या लोकप्रियतेचे मूळ शोधावयाचे तर ते बहुधा येथेच सापडेल.

इतक्यात युरोपात मोठी उलथापालथ झाली होती. १७८९ साली फ्रान्समध्ये राज्यक्रांती झाली, १७९२ साली तेथे प्रजासत्ताक स्थापन झाले आणि १७९३ च्या फेब्रुवारीत इंग्लंड आणि फ्रान्स यांच्यात युद्ध जुंपले. रेमाँच्या पलटणांवर आता क्रांतीचे तिरंगी निशाण फडकू लागले. त्यांच्या गणवेशाच्या बटणांवर स्वातंत्र्याच्या टोपीची खूण दिसू लागली. ज्या राष्ट्राने आपल्या राजाचा शिरच्छेद केला, त्याचे निशाण आसफजाही दरबाराच्या छत्रछायेत मिरवावे, हा इतिहासातील एक विलक्षण विरोधाभास होय. निजामअलीला समतेशी किंवा बंधुभावाशी कर्तव्य नव्हते. त्याला हवी होती खर्ड्यासारखा प्रसंग पुन्हा येऊ न देणारी फौज.

श्रीरंगपट्टणास मात्र प्रकरण याहून पुढे गेले होते. तेथील फ्रेंच लोकांनी १७९७ साली एक क्रांतिमंडळ स्थापन केले आणि स्वातंत्र्यवृक्ष लावला, असे इंग्रजांच्या हाती पडलेल्या कागदांत नमूद आहे. त्या कागदांच्या अस्सलपणाविषयी इतिहासकारांत वाद आहेत. परंतु टिपूने मॉरिशस बेटावर वकील पाठविले, ही गोष्ट निर्विवाद होय. वास्तविक असली बोलणी गुपचूप व्हावयाची. पण तेथील फ्रेंच गव्हर्नर मालार्तिक याने जानेवारी १७९८ मध्ये उघड जाहीरनामाच काढला आणि टिपूच्या मदतीस जाण्यासाठी स्वयंसेवक मागितले. स्वयंसेवक मिळाले शंभराच्या आत. इंग्रजांना मात्र हवे होते ते निमित्त आयतेच मिळाले.

हे निमित्त पकडणारा माणूसही त्याच वेळी हिंदुस्थानात उतरला. मे १७९८ मध्ये लॉर्ड वेलस्ली कलकत्त्यास दाखल झाला. वाटेत केपच्या बंदरात त्याची हैदराबादचा माजी रेसिडेंट विल्यम कर्कपॅट्रिक याच्याशी गाठ पडली होती. रेमाँच्या फौजेची सारी हकीकत त्याने तेथेच ऐकून घेतली. शोअरच्या काळात इंग्रजांनी या फौजेला शह म्हणून फिंगलास आणि अमेरिकन सेनानी बॉइड यांची पलटणे निजामाच्या चाकरीत घुसवून पाहिली होती. वेलस्लीला असले अर्धेमुर्धे उपाय पसंत नव्हते. फ्रेंचांचे नावच दक्षिणेतून पुसून टाकावयाचे, असा त्याचा निर्धार होता.

दैवही इंग्रजांना अनुकूल झाले. २५ मार्च १७९८ रोजी रेमाँ अकस्मात मरण पावला. विषप्रयोगाचा संशय तेव्हा बोलला गेला. पुरावा मात्र काही नाही. त्याच्या जागी आलेला पिराँ (शिंद्यांचा पेराँ निराळा) हा त्याच्या तोडीचा नव्हता. दुसरीकडे पुण्यास सवाई माधवरावांच्या अपमृत्यूनंतर वारशाचा घोळ माजला होता. कैदेत असलेल्या मुशीर-उल्-मुल्काने त्या घोळाचा असा काही लाभ घेतला की, खर्ड्याच्या तहाची बरीच कलमे त्याने सैल करून घेतली आणि १७९७ मध्ये तो सन्मानाने हैदराबादेस परतून पुन्हा कारभारी झाला. जे तीन कोटींच्या तहाने मिळविले, ते पुणेकरांनी आपसांतील कलहात दोन वर्षांच्या आत घालविले.

आता या मुत्सद्द्यापुढे खरा पेच उभा राहिला. फ्रेंचांकडे झुकावे की इंग्रजांकडे? फ्रेंचांची फौज दाराशी होती, पण तिच्या मागे आरमार नव्हते. पाँडिचेरी १७९३ सालीच इंग्रजांनी घेतली होती. फ्रान्सहून बंदूक यावयाची तर ती वाटेतच पकडली जाणार. इंग्रजांकडे आरमार, पैसा आणि मद्रास हे सर्व होते. पण त्यांच्या मैत्रीचे मोल खर्ड्यास कळून चुकले होते. मुशीर-उल्-मुल्काला सर्वांत मोठी धास्ती होती ती पुण्याची. पुन्हा खर्डे होऊ नये, एवढ्या एकाच विचाराने त्याच्या मनाचा ताबा घेतला होता. वेलस्लीने नेमके हे ओळखले. पेशव्यांशी तंटा पडल्यास इंग्रज मध्यस्थी करतील, असे आश्वासन त्याने देऊ केले आणि १ सप्टेंबर १७९८ रोजी तह झाला. सहा इंग्रजी पलटणे हैदराबादेत कायमची राहावयाची, त्यांच्यासाठी निजामाने सालिना २४,१७,१०० रुपये द्यावयाचे, आणि फ्रेंचांना काढून टाकावयाचे.

सही झाली, पण अंमलबजावणीच्या वेळी निजामअलीचे मन कचरले. दहा वर्षे ज्या फौजेने आपली चाकरी केली, ती मोडून टाकण्याचा हुकूम काढणे त्याच्या जिवावर आले. रेसिडेंट जेम्स कर्कपॅट्रिक याने निर्वाणीची भाषा काढली, तेव्हा कोठे हुकूम निघाला. तो निघताच शिपायांनी थकलेल्या पगारासाठी आपल्याच फ्रेंच अधिकाऱ्यांना कोंडले. २२ ऑक्टोबर १७९८ रोजी इंग्रजी फौजेने छावणीस वेढा घातला. तरुण कॅप्टन माल्कम याने शिपायांशी बोलणी केली, पगाराची हमी दिली, आणि संध्याकाळपर्यंत दहा हजारांहून अधिक माणसांनी रक्ताचा थेंब न सांडता शस्त्रे खाली ठेवली. रेमाँने बारा वर्षे खपून उभारलेली इमारत एका दिवसात जमीनदोस्त झाली.

त्याच सुमारास फ्रेंचांच्या आशेचा दुसरा आधारही कोसळला होता. जुलै १७९८ मध्ये नेपोलियन इजिप्तमध्ये उतरला होता आणि त्याची दृष्टी हिंदुस्थानकडे आहे अशी बोलवा होती. परंतु १ ऑगस्ट रोजी नेल्सनने नाईलच्या मुखाशी त्याचे आरमार बुडविले. नेपोलियन वाळवंटात अडकला. ज्यांच्या भरवशावर टिपूने पाऊल पुढे टाकले, ते मित्र असे हजारो मैलांवर निरुपयोगी झाले. ४ मे १७९९ रोजी श्रीरंगपट्टण पडले आणि टिपू लढता लढता मारला गेला. इंग्रजांच्या बाजूने लढणाऱ्या सैन्यात मीर आलमच्या नेतृत्वाखाली निजामाची फौजही होती.

या विजयाचे बक्षीस म्हणून निजामाला म्हैसूरच्या मुलखाचा वाटा मिळाला. पण तो त्याच्या हाती राहिला फार तर सव्वा वर्ष. १२ ऑक्टोबर १८०० च्या नव्या तहाने इंग्रजी फौजेच्या खर्चापोटी हा वाटा आणि १७९२ साली मिळालेला मुलूख, दोन्ही कंपनीस द्यावे लागले. बळ्ळारी, अनंतपूर, कडप्पा हा सारा प्रदेश असा गेला. शिवाय कंपनीच्या संमतीवाचून कोणत्याही परक्या सत्तेशी बोलणे करावयाचे नाही, हे कलमही निजामाच्या गळ्यात पडले. चाळीस वर्षांपूर्वी बुसीच्या फौजेने जसे उत्तरेचे प्रांत खाल्ले, तसेच आता इंग्रजी फौजेने दक्षिणेचे प्रांत खाल्ले. धडा जुनाच होता. तो देणारा शिक्षक तेवढा बदलला होता.

याबद्दल निजामाला दोष देणे सोपे आहे. पण पुण्याच्या दरबाराने त्या वेळी काय केले? खर्ड्याच्या विजयाने हैदराबाद दुबळे झाले, अपमानित झाले आणि इंग्रजांच्या पदरात जाऊन पडले. शेजाऱ्याला इतके नमवावयाचे नसते की, तो दूरच्या शत्रूला घरात घेईल. नाना फडणीस हे त्या काळचे सर्वांत दूरदृष्टीचे मुत्सद्दी. त्यांनी इंग्रजी तैनाती फौज पुण्यात येऊ दिली नाही. पण हैदराबादेत ती येण्याचा मार्ग खर्ड्याच्या तहाने मोकळा झाला. मार्च १८०० मध्ये नानांचा अंत झाला आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी दुसऱ्या बाजीरावाने वसईस जाऊन तोच फास आपल्याही गळ्यात अडकवून घेतला. निजामाला पुण्याच्या भीतीने जे करावे लागले, ते पुण्याच्या पेशव्याला होळकराच्या भीतीने करावे लागले. परक्या सत्तेचा शिरकाव शेजाऱ्यांच्या भीतीच्या वाटेने होतो, हे दोन्ही ठिकाणी सारखेच प्रत्ययास आले.

हा खेळ हैदराबादपुरता नव्हता. १८०७ च्या मे महिन्यात इराणच्या शहाने रशियाच्या भीतीने नेपोलियनशी तह केला. सुमारे दोन महिन्यांनीच नेपोलियनने टिल्सिट येथे रशियाच्या झारशी सलोखा केला आणि इराण उघड्यावर पडला. पुढे सुमारे शतकभर तो देश रशिया आणि इंग्लंड यांच्या चिमट्यात होता. १९७९ साली तेथे राज्यक्रांती झाली, तेव्हा ‘पूर्वही नको, पश्चिमही नको’ ही घोषणा रस्त्यारस्त्यांतून घुमली. तिच्यामागे या जुन्या अनुभवाची कटुता होती. पण घोषणा देणे निराळे आणि ती पाळण्याइतके बळ अंगी असणे निराळे. त्या बळाचा अर्थ केवळ तोफा असा नव्हे. शेजाऱ्यांशी असलेला सलोखा आणि प्रजेचा पाठिंबा हेही त्यात येतात.

या दुसऱ्या गोष्टीची साक्ष हैदराबादनेच पुढे दिली. १९४८ च्या ऑगस्टमध्ये निजामाच्या सरकारने आपला प्रश्न संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा समितीपुढे नेला. दीडशे वर्षांपूर्वी गमावलेले परराष्ट्रकारण परत मिळविण्याचा तो अखेरचा प्रयत्न. परंतु दूरची कोणतीही सत्ता मदतीस आली नाही. आणि ज्यांच्या नावाने स्वातंत्र्य मागावयाचे, त्या तेलुगू, मराठी आणि कानडी प्रजेचा मोठा भाग राज्यकर्त्यांच्या विरुद्ध लढ्यात उभा होता. १३ सप्टेंबरला भारतीय फौजा राज्यात शिरल्या आणि १७ सप्टेंबरला सारे संपले.

मलकपेठेच्या परिसरातून आज मेट्रोची गाडी काही क्षणांत निघून जाते. टेकडीवरील काळा स्तंभ मात्र जागच्या जागी आहे. रेमाँने निजामाला उत्तम पलटणे दिली, तोफा दिल्या, शिस्त दिली. पण मित्र दूरचा, शेजारी दुखावलेला आणि खजिना रिकामा, अशा राज्याला पलटणांनी तारावे कसे? हैदराबादच्या सामान्य जनतेने दिवा लावला तो त्या पलटणांच्या पराक्रमाला नव्हे. शिपायाचा पगार वेळेवर देणाऱ्या एका माणसाच्या चांगुलपणाला. राज्ये गेली, तह फाटले, निशाणे उतरली. आणि एवढे मात्र लोकांच्या ध्यानात राहिले.